वावर पडीत नाई

"अंगठा लाव इथी," बाबू म्हनला. शाईचा पॅड त्यानं माह्यापुढं सरकवला. वर पाह्यलंबी नाई.

घाटंजीची तहसील कचेरी, साहेबाची खोली. मी उभी, अनवाणी. चपला दाराबाहेर काढून गेलती. बाप तसाच जाये, मीबी तशीच. आत साऱ्यायच्या पायात जोडे. आमच्या वावराच्या धुऱ्याले, बांधाले, धुरा असलेले शेजारी भाऊसाहेब खुर्चीवर बसून चहा पिऊन राह्यले होते.

गोष्ट तीन एकराची. ई-क्लासची, म्हनजे सरकारी जमीन. आम्ही भूमिहीन म्हनून बापाले पट्टा भेटला. निरा मुरूम होता. माय-बापानं गोटे येचले, त्याच गोट्यायचा धुरा घातला. बाप गेल्यावर पट्टा माह्या नावानं झाला. अट होती, जमीन सोता वाहाची, पडीत ठेवाची नाई.

आता पेरा, म्हनजे वावरात काय पेरलं ते, मोबाईलवर टाका लागते, वावरात उभं राहून फोटो काढून. माह्यापाशी तसा मोबाईल नव्हता. भाऊसाहेब म्हनले, "कायले फिकर करतं बाई? माह्या मोबाईलवरून टाकून देतो." धुऱ्याच्या शेजाऱ्यावर कोनी शंका घेते काय? दोन वर्सं त्यायनं टाकलं. दोन्ही वर्सं मी त्यायच्या घरी ओटीभर तुरीच्या शेंगा देऊन आली. अन् त्यायनं फोटो काढला कोपऱ्यातल्या खडकाचा. नोंद केली, पडीत. मंग तक्रारबी त्यायनंच केली. वावराजवळून नवी सडक गेली न, जमिनीचा भाव चढला, म्हनून!

नोटीस आली. अट मोडली, पट्ट्याच्या हुकमाचं पुनर्विलोकन होनार. म्हनजे एका साहेबानं देल्लं, ते दुसरा साहेब पुन्हा उकरून पाहनार.

"फुकट मिळालं की तुम्हा लोकांना किंमत राहत नाही," साहेब म्हनले.

तुम्हा लोकांना. माह्या मायचे नखं त्या मुरमात झिजले. अन् म्हने फुकट! आंगाची आग झाली. पन तोंडातून निंघालं, "हो साहेब." त्या 'हो साहेब'ची मले आजबी लाज वाटते.

तेवढ्यात बाबूनं माहा अंगठा धरला अन् पॅडवर दाबला. न इचारता. ढोराचा कान धरावा तसा. कागदापाशी नेला अन् म्या हात झटकला.

"मले वाचता येते."

भाऊसाहेब हासले. "वाच बाप्पा, वाच!"

सातवी शिकली मी. मोठ्यानं वाचलं: 'सदर जमीन मी स्वखुशीने शासनास परत करीत आहे.'

"हे कोनाची खुशी आहे, साहेब?"

"अहो बाई, प्रकरण लवकर मिटावं म्हणून..."

"मले मिटवाचं नाई. मले बोलाचं आहे. माहं म्हननं लिहून घ्या."

"साहेबापुढं आवाज चढवतं काय वं?" बाबू खेकसला.

"हाव. चढवतो."

लिहून काही घेतलं नाई. पुढची तारीख देल्ली. बाहेर आली, तं एक चपल दारापाशी, दुसरी कोपऱ्यात, खर्र्याच्या थुकीत. कोनीतरी लाथेनं लोटली होती. नळावर धुतली.

तेथून एसटीनं यवतमाळले गेली. एका वकीलबाईले नोटीस दाखवली. त्या म्हनल्या, जुना हुकूम असा मनात आलं तवा फिरवता येत नाई. वरच्या साहेबाची परवानगी लागते, अन् आधी आपलं ऐकून घ्या लागते. मंग इतके दिवस मले हे कोनी काहून नाई सांगतलं? तवापासून डोळ्याले डोळा नाई. बसली का उठतो, उठली का धुऱ्यावर जातो.

मोबाईल घेतला. पेरा टाकाचं शिकली. चारदा चुकलं, पाचव्यांदा बरोबर गेलं. आता त्यात माह्या हातानं काढलेला फोटो आहे, कापसाची बोंडं लागलेल्या पऱ्हाटीचा.

सोमवारी तारीख आहे. चपला पायातच राहतीन. एक पऱ्हाटी मुळासकट उपटून नेतो, साहेबाच्या टेबलावर ठेवतो. इचारतो, हे पडीतात उगवते काय? वरची परवानगी दाखवा. नसन तं फाईल बंद करा. असन तं मी वरबी येतो, तिथी हारली तं त्याच्याबी वर.

अंगठ्याची शाई घासूनबी पुरी निंघाली नाई. राहू द्या. वावर मी सोडत नाई, अन् हा अंगठा पुन्हा कोनाच्या हाती देत नाई.