अर्ध्या चांदाची संदूक

अर्शदला एका जागी बसता येत नाही. हर्णैच्या शाळेत बसवलं की तो हाताला लागेल तो ढिला खिळा उपसायचा. नववीत एकदा मास्तरांची खुर्ची मास्तरांसकट खाली आली, तेव्हा शाळा खलास. मोहल्ल्यातले रहिमतुल्लाचाचा बहरीनला सुतारकाम करायचे. ते त्याच्या आईला म्हणाले, "पोराचे हात वळवळतायत. माझ्याकडे पाठवा."

बहरीनच्या मीना सलमान बंदरात, गोदामांच्या मागे चाचांचं वर्कशॉप. तिथे चाचा संदूक बनवायचे. सागवानी, वर पितळी खिळ्यांची नक्षी, खाली खण. इथले लोक लग्नात देतात, हॉटेलवाले लॉबीत मांडतात. चाचा डावरे. अर्शद जेवायला, मोबाईलला उजवा. पण काम शिकला चाचांकडे बघून, म्हणून हातोडी आणि पटाशी त्याच्या डाव्या हातातच बसली. कुणी बदल म्हटलं नाही, त्यानं बदलली नाही.

मीना सलमानच्या कोकणी सुतारांचा एक कायदा होता, कुठे लिहिलेला नाही. मिस्त्री म्हणवून घ्यायचं असेल तर एक संदूक एकट्यानं करायची, पहिल्या फळीपासून शेवटच्या खिळ्यापर्यंत. दुसऱ्या वर्कशॉपचे दोन जुने मिस्त्री ती तपासणार. उस्ताद बाहेर बसणार. पास झाला की स्वतःचं निशाण मिळणार. ते खणाच्या तळाला कोरायचं, आणि फक्त आपल्या हाताच्या कामावर. चाचांचं निशाण अर्धा चांद. अरब गिऱ्हाईक खण उलटा करून आधी तो चांद बघायचं, मग भाव विचारायचं.

गेली दोनेक वर्षं तो चांद खोटा होता. चाचांचा डावा हात थरथरायला लागला होता. संदुका अर्शद करायचा, चांदही अर्शदच कोरायचा, आणि नाव चाचांचं राहायचं. कुणाला कळू नये म्हणून चाचांच्या ग्लासात करक, म्हणजे इकडचा दाट दुधाचा कडक चहा, तो नेहमी अर्धाच ओतायचा. भरला ग्लास हिंदकळला असता.

हे कुणी त्याला करायला सांगितलं नव्हतं. पण चाचांनी आणलं म्हणून तो इथे होता, नाहीतर हर्णैच्या जेटीवर मासळीच्या टोपल्या उचलत असता. त्यामुळे विषय संपला.

मग मिस्त्रीच्या परीक्षेला अर्शदची पाळी आली. त्या आठवड्यात त्याला झोप ना जेवण. येता-जाता तो आपल्या संदुकीचे खण ओढून बघायचा. एका दुपारी एसी खायला म्हणून वर्कशॉपच्या ऑफिसात घुसला. तिथे वसईची हॅझेल कोटेशनं आणि व्हिसाची कामं बघायची. ती कात्रीनं रंगीत चित्रं कापत होती.

"हे कोण टोपीवाले, आंटी?"

"युरोपातले सुतार, विणकर, चांभार. सात-आठशे वर्षांपूर्वीचे. माझ्या जॅकलीनचा शाळेचा प्रोजेक्ट आहे, गिल्डवर. ती मोबाईलवर, आणि कात्री माझ्या हातात."

"गिल्ड काय असतं?"

"एका धंद्यातल्या लोकांची जमात. व्यापाऱ्यांची वेगळी, कारागिरांची वेगळी. व्यापाऱ्यांच्या गिल्डात नसशील तर गावात धड माल विकू द्यायचे नाहीत. कारागिरांत आधी पोरगा उस्तादाच्या घरी राहायचा, वर्षानुवर्षं, झाडलोट करत. मग मजुरी, कुठे कुठे तर गावोगाव फिरून. मग एक वस्तू करून मोठ्यांपुढे ठेवायची. पसंत पडली तर मास्टर."

"मग आपल्यात नवीन काय?"

"ऐक ना. मास्टरचा पोरगा असला की बरंच सोपं. मास्टरच्या विधवेशी लग्न केलं तरी सोपं."

"चाचा जिवंत आहेत. म्हणजे मला अवघडच."

हॅझेलनं कात्री उगारली. "मेल्या, चाचीला सांगू?"

अर्शद हसला, पण पाय हलत होता. "खोटं निशाण मारलं तर काय करायचे?"

"दंड. खोटा माल कधी कधी चौकात जाळायचे. माणसाला गिल्डातून काढायचे."

पाय थांबला. "आणि म्हातारपणी हातच चालेना झाला तर?"

"तर गिल्ड मदत करायची. सगळे एका पेटीत पैसे टाकायचे. मेला तर अंत्ययात्रेला सगळ्यांनी यायचंच. गरीब गिल्डांना कुठलं जमायचं म्हणा."

"पण दोन्ही एकाच माणसाचं असेल तर? आधी जाळायचे की आधी पोसायचे?"

"मला काय माहीत? प्रोजेक्ट सातवीचा आहे."

शुक्रवारी जुम्म्याच्या नमाजनंतर वर्कशॉप बंद. रत्नागिरीचे अन्सार मिस्त्री आणि म्हसळ्याचे महमूद मिस्त्री आले. चाचा बाहेर फळ्यांच्या थप्पीवर बसले. अन्सारनं खण काढला, सांध्यावरून नख फिरवलं, उजेडात धरून पटाशीच्या खुणा बघितल्या. महमूदनं खिळ्यांवरून तळवा फिरवला. दोघांनी एकमेकांकडे बघितलं.

"काम नंबर एक आहे," अन्सार म्हणाला. "पण तुझं नाही. पटाशी डावीकडून चाललीय. हा रहिमतुल्लाचा हात आहे. तू तर उजवा."

अर्शदच्या तोंडावर आलं होतं, द्या पटाशी, दाखवतो. डाव्या हातानं एक सांधा घातला असता तर काम झालं असतं. पण मग यांनी विचारलं असतं, पोरगा हुबेहूब असं करतो, तर इतक्यात विकलेल्या अर्ध्या चांदाच्या संदुका कुणाच्या? चाचांचा हात बघायला बाहेर यायला किती वेळ लागतो?

"हो," तो म्हणाला. "चाचांनी मदत केली. मला नापास करा."

त्याला वाटलं, झालं. अन्सार लाल झाला.

"उस्ताद चोरून शागिर्दाची परीक्षा देतो? महमूद, बोलाव त्याला! आजपासून त्याला मिस्त्री म्हणायचं नाही."

चाचांना वाचवायला गेला आणि त्यानंच त्यांना चोर केलं होतं.

चाचा आत आले. सगळं ऐकलं. अर्शदकडे बघितलं, अगदी तसं, जसं तो तिसरीत पतंगासाठी त्यांच्या हर्णैच्या घराचं कौल फोडून आला तेव्हा बघितलं होतं.

"हातोडी दे."

"चाचा, नको."

"दे म्हटलं ना, गधड्या."

त्यांनी डाव्या हातात हातोडी घेतली, उजव्यात पितळी खिळा. झाकणावर ठेवला. पहिला घाव लाकडावर बसला. दुसऱ्यानं खिळा वाकडा होऊन आडवा झाला.

"आता सांग अन्सार, ही संदूक मी केली?"

"मग आधीच्या? चांदवाल्या?"

"याच्याच. चांद माझा, काम याचं. बोलायला हवं होतं. लाज वाटली."

अन्सारनं कपाळ चोळलं. "अर्धा चांद आजपासून बंद. कुणीच कोरायचा नाही."

"आणि चाचा?" अर्शद उसळला. "हात गेला म्हणून घरी पाठवणार? त्या गावांत म्हाताऱ्यांना पोसायचे!"

"कुठल्या गावांत?"

"युरोपात. सात-आठशे वर्षांपूर्वी."

"मग जा तिकडे!"

महमूद हसला. "अन्सारभाई, मागच्या खेपेला मी ओलं सागवान उचललं. संदूक गिऱ्हाइकाच्या घरी गेली आणि तडकली. रहिमतुल्ला वासावर ओळखतो. आपल्या सगळ्यांचं लाकूड यानं निवडावं. व्हिसावाल्या अरबाबशी, मालकाशी, आपण सगळे मिळून बोलू."

अन्सारनं मान हलवली, नाखुशीनं का होईना. मग अर्शदकडे बोट केलं. "खोटं बोललास म्हणून दोन थपडा खायला हव्यात. पण काम पास. मिस्त्री, तो वाकडा खिळा आधी काढ."

"नाही काढणार."

"मिस्त्री होऊन एक मिनिट नाही झालं!"

"राहू दे," चाचा म्हणाले. "त्याची संदूक आहे."

अर्शदनं चहाचा थर्मास उघडला. हाताला काहीतरी करायला हवंच होतं. अन्सारला ओतला, महमूदला ओतला. चाचांच्या ग्लासात सवयीनं अर्ध्यावर थांबला.

"थांबलास का? संपला काय चहा?"

"नाही चाचा."

"मग भर."

त्यानं काठोकाठ भरला. चाचांनी ग्लास डाव्या हातात घेतला. चहा बोटांवरून मनगटावर, मनगटावरून कुर्त्यावर सांडत गेला. अर्शदचा हात दोनदा पुढे आला, दोनदा त्यानं तो मागे घेतला. चाचांनी उरलेला घोट प्यायला आणि ग्लास पुढे केला.

"अजून."