पुढच्या बाकावरचं वजन

लालबागच्या ज्या गिरणीत मी चामड्याचे पट्टे सांधायचं काम करत होतो, तिच्या शेठनी विलायतेहून बिनघोड्याची गाडी मागवली. प्लेगची साथ तेव्हा थोडी ओसरली होती. गाडी आली खरी, पण ती चालती ठेवणार कोण? गिरणीच्या गोऱ्या इंजिनियर साहेबांनी तिच्याभोवती एक चक्कर मारली, वाफेशिवाय चालणाऱ्या यंत्राशी आपला संबंध नाही असं सांगितलं आणि ते चहाला निघून गेले. मग कुणीतरी खाली वाकून पाहिलं. इंजिनाचा जोर मागच्या चाकांपर्यंत पट्ट्यांनी पोचत होता. गिरणीत पट्टा तुटला की माझ्या नावाने हाक पडे, तशी ती तेव्हाही पडली. मोटारीतलं मला काही कळत नव्हतं, पण ते कुणालाच कळत नसल्यामुळे मी मोटारीचा मिस्त्री झालो.

घरी बायकोला सांगितलं, तर ती भाकरी थापता थापता थांबली.

"घोडो नाय, मगे ती चलता कशी? तुमी ढकलतलात?"

"इंजिन हा तिका," मी म्हणालो. पुढच्या महिनाभरात मी गाडी इतक्या वेळा ढकलली, की बायकोला पुन्हा तोंड दाखवायची लाज वाटू लागली.

शेठकडे फ्रान्समधली सचित्र मासिकं येत. तिकडे एका शहरातून दुसऱ्या शहरापर्यंत मोटारींच्या शर्यती लागत, त्यांची चित्रं त्यात असत. शेठना फ्रेंच येत नव्हतं, पण चित्रांवरून त्यांनी एक सिद्धांत काढला. जिंकणाऱ्या गाडीला छप्पर नसतं, कंदील नसतात, चाकांवर चिखल अडवायचे पत्रे नसतात. म्हणजे जितकं काढून टाकावं, तितकी गाडी धावते.

हा सिद्धांत तपासायची संधी त्यांच्या मेव्हण्याने दिली. त्याच्याकडे ऑस्ट्रेलियातून आणलेला उंच घोडा होता आणि बायकोविषयी बोलत नसे इतकं तो त्या घोड्याविषयी बोलत असे. एके दिवशी गाडी पाहून तो म्हणाला, "तुमचं हे शिवणयंत्र माझ्या घोड्याच्या धुळीलाही लागणार नाही."

शर्यत ठरली. लालबागहून निघायचं, परळवरून दादरच्या मोठ्या वडापर्यंत जायचं. हरेल त्याने दसऱ्याच्या पूजेला बैलगाडीतून गिरणीत यायचं.

आम्ही छप्पर काढलं, कंदील काढले, पत्रे काढले. शेवटी पुढचा बाकही काढला. त्या गाडीत इंजिन मागे होतं, हाकणारा मधे बसे, आणि त्याच्या पुढ्यात एक बाक होता. त्यावर पाहुण्याने हाकणाऱ्याकडे तोंड आणि रस्त्याकडे पाठ करून बसायचं. बाक निघाल्यावर गाडी अशी हलकी झाली, की शेठनी अंगणात गाडी वळवायचा दांडा डावीकडे फिरवला तरी ती सरळ गेली आणि कापसाच्या गाठींत घुसली.

"शेठ, सगळा भार मागे आहे," मी म्हणालो. "पुढची चाकं जमीन धरत नाहीत. पुढे वजन हवं."

"म्हणजे जे काढलं ते परत लावायचं?"

"बाक तरी लावायला हवा. आणि त्यावर कुणीतरी बसायला हवं."

सगळ्यांच्या नजरा हेडक्लार्कांकडे वळल्या. ते गिरगावच्या एका वाडीत राहत आणि घोड्यांच्या ट्रामने येत. पगडी, उपरणं, स्वच्छ बोलणं. गिरणीत त्यांच्या शब्दाला वजन होतं, पण शेठना त्या दिवशी दुसरं वजन दिसलं.

"मी हेडक्लार्क आहे शेठ, गोणी नव्हे," ते म्हणाले.

"गोणीला वळणावर कलता येत नाही," शेठ म्हणाले. "तुम्हाला येईल."

गिरणीला सुट्टी होती त्या सकाळी आम्ही फाटकापाशी उभे राहिलो. इंजिनियर साहेब पंच म्हणून आधीच दादरला वडाखाली जाऊन बसले होते. शेजारी तो घोडा जुंपलेली मेव्हण्याची बग्गी होती. इशारा झाला. मी मागे इंजिनाचं जड चाक हाताने फिरवलं आणि पळत शेठच्या शेजारी चढलो. इंजिन दोनदा खोकलं आणि मग तोफ उडावी तसा आवाज झाला.

घोडा मागच्या पायांवर उभा राहिला आणि सुटला. तो शर्यत जिंकायला धावत नव्हता, आमच्यापासून पळत होता. मेव्हणा दोन्ही हातांनी लगाम मागे ओढत होता. पाहता पाहता त्याची फक्त धूळ उरली. आम्ही त्या धुळीच्या मागून निघालो.

हेडक्लार्क डोळे मिटून देवाचं नाव घेत होते. परळ मागे पडल्यावर त्यांनी डोळे उघडले. त्यांना समोर आम्ही दोघं दिसत होतो आणि आमच्या पलीकडे मागचा मोकळा रस्ता.

"शेठ, घोडा कुठाय?"

शेठनी दांडा आणखी घट्ट धरला.

"मिस्त्री, घोडा दिसत नाही! पार मागे पडला की!"

मी उत्तर देणार, तोच पट्टा घसरायला लागला. जळक्या चामड्याचा वास आला. मी मागे वाकून पट्ट्यावर मुठीमुठीने राळेची चिकट पूड टाकली, त्याने पुन्हा पकड घेतली आणि गाडी उसळली. दोन्ही बाजूंना भातशेतं होती, माडांची रांग होती, आणि तोंडावर असा वारा लागत होता, जो मी तोवर फक्त होडीत अनुभवला होता. आपण हरतोय हे मी साफ विसरलो.

"हाणा शेठ, आणखी जोरात!" हेडक्लार्क ओरडले. तेवढ्यात त्यांची पगडी उडाली आणि आमच्या डोक्यांवरून मागे गेली. शेठनी गाडी आवरायला घेतली, तर ते म्हणाले, "राहू द्या पगडी! थांबू नका!"

दादरला वडाखाली साहेबांनी घड्याळ खिशात टाकलं. घोडा केव्हाच येऊन गेला, असं ते म्हणाले.

"थांबला नाही?" शेठनी विचारलं.

"थांबेलसं वाटलं नाही."

"मग तो पोचला कुठे? पोचणं म्हणजे थांबणं. इथे थांबलेली गाडी एकच आहे."

तासाभराने मेव्हणा माहीमच्या बाजूने घोड्याला बग्गीसकट धरून चालत आला. कोळणींनी पाट्या आडव्या धरून घोडा अडवला होता. मेव्हण्याच्या अंगाला मासळीचा वास येत होता.

"मी जिंकलो," तो म्हणाला.

"तुम्ही पळालात."

"घोडा तुमच्या गाडीला भिऊन पळाला!"

"म्हणजे त्याला पळवलं कुणी?" शेठ म्हणाले.

साहेबांनी निकाल द्यायला नकार दिला. दसऱ्याला दोघेही पायी आले आणि आपल्याला मुद्दामच चालायचं होतं, असं दोघांनीही सांगितलं. वर्षाच्या आत मेव्हण्याने घोडा विकून आमच्याहून मोठी मोटार मागवली आणि मला तिच्यावर नेमलं.

गिरणीत मात्र मोटारच जिंकली. हेडक्लार्क खोटं बोलत नसत हे सर्वांना माहीत होतं, आणि ते सांगत होते, "मी स्वतः पाहिलं. शेवटपर्यंत मागे घोडा नव्हता."

मी गिरणी सोडली त्या संध्याकाळी ते फाटकापर्यंत माझ्याबरोबर आले.

"मिस्त्री, एक विचारतो. घोडा पुढे होता ना?"

"होय, रावसाहेब."



"मला शंका आली होती. रस्त्यात ताजी लीद दिसत होती." त्यांनी उपरणं सारखं केलं. "पण विचारायचा धीर झाला नाही. इतकं बरं वाटत होतं रे."