कातकरी असल्याचा पुरावा

"तुम्ही लोक उंदीर खाता ना?"

माझ्या घरात, माझ्याच खुर्चीत बसून, माझ्या बायकोने दिलेला चहा पीत त्याने हे विचारलं. जात पडताळणी समितीचा अधिकारी, माझा जातीचा दावा तपासायला आला होता. हातात छापील प्रश्न, बरोबर एक शिपाई. देव कोणते, लग्न कोण लावतं, मेलेल्याला पुरता की जाळता, हे सगळं विचारून झालं होतं. मग हे. सून स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. शिपाई खाली मान घालून हसला.

मी निवृत्त मंडळ कृषी अधिकारी. रोह्यात नोकरी संपवली, पुलापलीकडे अष्टमीत दोन खोल्या घेतल्या. आदिवासींच्या राखीव जागेवर लागलो होतो. जातीचा दाखला होता, पण त्याची पडताळणी व्हायची होती. अर्ज केला तर फाइल वर्षानुवर्षं झोपून राहिली. मी निवृत्त झालो आणि ती जागी झाली. पडताळणी नाही तर पेन्शन नाही, असं कळवलं.

मी त्याला म्हणालो, "छे हो साहेब. आमच्यात असलं कोणी खात नाही."

खोटं बोललो. देवही कॅलेंडरवरचे सांगितले. लग्नं भटजी लावतात म्हणालो. त्याने सगळं नीट लिहून घेतलं.

का बोललो? रोह्याजवळ निडीला नोकरीत नवा लागलो होतो तेव्हा जेवायच्या सुट्टीत डबा उघडला की एकजण विचारायचा, "काय रे, आज उंदीर लहान की मोठा?" सगळे हसायचे. मीही हसायचो. त्या हसण्याचा मला आजही संताप येतो, त्यांच्यापेक्षा माझ्या. दरवर्षी मी शेतकऱ्यांना बांधावर नेऊन उंदरांची बिळं ओळखायला शिकवायचो. चालू बीळ कुठलं, सोडलेलं कुठलं, एका नजरेत सांगायचो. साहेबांनी भर बैठकीत माझं कौतुक केलं होतं. हे मी कुठल्या शाळेत शिकलो ते कोणी विचारलं नाही, मी सांगितलं नाही.

काही महिन्यांनी समितीचा निकाल आला. अर्जदाराची राहणी आणि चालीरीती कातकरी जमातीशी जुळत नाहीत. वडिलांचा पन्नास सालाआधीचा लेखी पुरावा नाही. दावा अमान्य.

लेखी पुरावा! माझा बाप जंगलात कोळशाच्या भट्ट्या लावायचा. त्याचा अंगठा फक्त ठेकेदाराच्या वहीत होता. ज्याला शाळेची पायरी चढू दिली नाही, त्याचा शाळेचा दाखला तुम्ही माझ्याकडे मागता? आणि मी फरशीच्या घरात राहतो, शुद्ध बोलतो, म्हणून मी कातकरी नाही? शिका म्हणालात, शिकलो. शिकलो तर म्हणता, हा तो नव्हेच.

कागद घेऊन पेणजवळच्या वाडीवर गेलो. तिथे माझी थोरली बहीण राहते. आई लवकर गेली, मला तिनेच वाढवलं. तिला कागद वाचून दाखवला. वाटलं, दोघं मिळून त्यांना शिव्या घालू. ती सुकटीतला कचरा निवडत होती.

"तू काय सांगितलास त्याला?"

सांगितलं. तिचे हात थांबले.

"भात कापला का मी बांधावरची बिळं खणायची. उंदरानं नेलेलं दाणं काढायची. तेच शिजवून तुला घातलं. उंदीर भाजून घातलं. पेणच्या शाळेत तू कशावर गेलास रं? तुला माजी लाज वाटली, व्हय?"

साठी उलटलेला माणूस मी, तिच्या ओटीवर मान खाली घालून बसलो. नोकरीभर मी ज्यांच्यासमोर लाजलो ते कोण होते माझे?

पुढच्याच आठवड्यात माझ्या जुन्या कृषी कार्यालयातून बोलावणं आलं. माझ्या हाताखाली शिकलेला माणूस आता तिथे अधिकाऱ्याच्या खुर्चीत आहे. त्याने टाइप केलेला कागद पुढे सरकवला.

"साहेब, एवढी सही करा. जमातीचा दावा सोडतो म्हणून. मग पेन्शनची वाट काढता येईल. या वयात कशाला कोर्टकचेरी?"

किती गोड बोलला! तो गोडवा त्या उंदराच्या प्रश्नापेक्षा जास्त झोंबला. बहिणीची नात अलिबागला नर्सिंग शिकते. उद्या तिचा दाखला तपासायला काढतील तेव्हा कोणीतरी माझाही कागद पुढे करील. मी सही केली की आज मी कातकरी नाही, उद्या तीही नाही.

"तुमचं काय जातंय, साहेब?"

"माझी बहीण जाते," मी म्हणालो.

कागद उलटा केला आणि पाठीमागे लिहिलं: मी कातकरी आहे. तपासणीच्या वेळी मी लाजेपोटी खोटी उत्तरं दिली. ती लाज मला याच नोकरीत शिकवली गेली. मी दावा सोडत नाही. पेन्शन माझ्या कामाची आहे, ती द्या. खाली सही केली, तारीख घातली आणि पोच मागितली.

"असल्या कागदाची पोच देता येत नाही, साहेब."

"येते. नियम तुला मीच शिकवलाय."

त्याने शिक्का मारला.

आता उच्च न्यायालयात जातोय. वकील म्हणतात, खोटं बोललो ही कबुली अर्जातून काढा, केस कमजोर होते. आम्ही बहीणभावांनी जमातीचं गाणं म्हणून दाखवलं तर वजन पडेल, असंही म्हणतात. मी सांगितलं, माझी बहीण कोणापुढे गाऊन दाखवणार नाही. आणि कबुलीची ती ओळ तशीच राहील. पेन्शन मिळो न मिळो, यापुढे मी एकही सही लाजून करणार नाही.