भाड्याची वाहवा

दाराची बेल वाजली तेव्हा मी चकल्यांची भाजणी भिजवत होते. दारात लोटे उभी होती, शेजारच्या कोनराडची भाची. सायकलला कुलूपही न लावता ती तशीच आत आली आणि म्हणाली, "काका गेले. पहाटे, झोपेतच." मी पिठाच्या हातांनीच तिला जवळ घेतलं. तिच्या काळ्या कोटावर माझी बोटं उमटली. ती माझ्या खांद्यावर रडत होती आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की सुटला लेकाचा. माझ्या हातून सुटला... माणूस गेला की वैर संपतं, असं आपल्याकडे म्हणतात. ज्यांचं संपतं त्यांचं संपो. त्याला जाऊन आता काही आठवडे झाले, माझं संपलेलं नाही. या पुरवणीच्या वाचकांना मी आधीच सांगून ठेवते, हा लेख मी वचपा काढायला लिहिते आहे. उगाच ताकाला जाऊन भांडं कशाला लपवू?

कोनराड जर्मन वर्तमानपत्रांतून ऑपेराची समीक्षा लिहायचा. ऑपेरा म्हणजे आपल्या संगीत नाटकाचा थोरला, श्रीमंत आणि भलताच कडक चुलतभाऊ, असं समजा. तोंडावर मी त्याला 'हेर कोनराड' म्हणायचे, म्हणजे कोनराडसाहेब, पण मनात तो कायम एकेरीच राहिला आणि इथेही राहील. त्याचा जन्म ऱ्हाईनकाठच्या एका लहान गावातला. आई तिथल्या ऑपेरात प्रॉम्प्टर होती. रंगमंचाच्या पुढच्या कडेला एक खाच असते, तिच्यात बसून ती गायकांना पुढचे शब्द कुजबुजत सांगायची. "माझ्या आईने जन्मभर काम केलं आणि तिचा आवाज एकाही प्रेक्षकाला ऐकू गेला नाही," हे तो फार अभिमानाने सांगे. आईपासूनच त्याने एक सवय उचलली होती. गाणं सुरू झालं की उजवा तळवा तोंडावर घट्ट दाबून बसायचं, चुकूनही हुंकार बाहेर पडू नये म्हणून. प्रेक्षकाने श्वासही जपून घ्यावा, हा त्याचा धर्म होता. प्रयोगात तो कधी टिपणं काढत नसे. सकाळी उठल्यावर जे आठवत नाही ते लिहिण्याच्या लायकीचं नव्हतंच, म्हणायचा. मग इस्त्रीचं टेबल उघडून त्याच्यावर कागद ठेवायचा आणि उभ्या उभ्या लिहून काढायचा. बसून लिहिलं की माणूस दयाळू होतो, असं त्याचं म्हणणं होतं. गावच्या छोट्या पेपरापासून निघालेला हा माणूस मोठ्या दैनिकापर्यंत पोचला, आणि पुढे त्याच्या एका वाक्याने प्रयोग चालायचे किंवा बंद पडायचे. त्याने कधी कोणाचं जेवण घेतलं नाही, कोणाची भेटवस्तू घेतली नाही. हा मोठेपणा मी नाकारत नाही. बायको हार्लेमची, म्हणून तो हॉलंडात आला, आणि अ‍ॅमस्टरडॅमचे प्रयोग जर्मन वाचकांना सांगू लागला. तिथेच आमची गाठ पडली, म्हणजे त्याला न कळता पडली.

माझी धाकटी बहीण मृण्मयी मिरजेत शास्त्रीय गाणं शिकली आणि मग माझ्या मागोमाग इकडे येऊन पाश्चात्त्य गायन शिकली. अनेक वर्षं ती समूहात मागे उभी राहून गायली. शेवटी एकदाची तिला एका जुन्या जर्मन ऑपेरात दासीची भूमिका मिळाली. तिसऱ्या अंकात एकच गाणं, पण तिचं एकटीचं. आई-नाना खास त्यासाठी मिरजेहून आले. आमचे नाना बँकेतले कारकून, पण गावातली गाण्याची एकही बैठक त्यांच्याशिवाय सुरू होत नसे. त्यांना स्वतःला गाता येत नाही. त्यांना दाद देता येते, आणि ते काम वाटतं तितकं सोपं नाही. नवखा गाणारा बावरला की तो नानांकडे बघायचा आणि नाना मान हलवून त्याला पुढे न्यायचे. त्या रात्री नाना, आई, मी, माझा नवरा, आम्ही तेव्हा राहायचो त्या डीमनमधले आमचे शेजारी आणि आइंडहोवनहून आलेली मित्रमंडळी असे आम्ही सगळे नटूनथटून सलग खुर्च्यांवर बसलो होतो. मृण्मयीचं गाणं आलं. शेवटच्या ओळीत ती वरच्या सुरावरून सावकाश उतरली आणि खाली टेकायच्या आधी क्षणभर थांबली... आणि नानांच्या तोंडून गेलं, "वा! जियो बेटा!" त्यांच्या मागोमाग आमची अख्खी रांग. "क्या बात है!" मीही म्हटलं. आजही म्हणेन. पुढच्या सगळ्या माना गर्रकन मागे वळल्या. बापाने मुलीच्या गाण्याला दाद दिली, यात वळून बघण्यासारखं काय आहे, हे आम्हाला कळेचना.

दोन दिवसांनी कळलं. कोनराडच्या लेखात तिच्या गाण्याबद्दल अवाक्षर नव्हतं. एवढंच होतं, की तिसऱ्या अंकातल्या दासीने आपली वाहवा भाड्याने आणून प्रेक्षागृहात पेरली होती. युरोपात एके काळी असे भाडोत्री टाळ्या वाजवणारे असत, आणि गायकावर यापेक्षा घाणेरडा आरोप नाही. कंपनीने मृण्मयीला एका शब्दाने विचारलं नाही. फक्त पुढच्या हंगामात तिचं नाव नव्हतं. इतर ठिकाणीही तिला हसून, नम्रपणे, कॉफी पाजून नकार मिळत गेले. ती आर्नहेमला शाळेत संगीत शिकवू लागली. पण माझा राग त्याच्याही पुढचा आहे. नानांनी तो मजकूर माझ्याकडून मराठीत करून घेतला, चष्मा पुसला आणि विचारलं, "म्हणजे माझ्यामुळे?" आम्ही सगळ्यांनी जीव तोडून नाही म्हटलं. मिरजेला परतल्यावर नाना बैठकीत पहिल्या रांगेऐवजी भिंतीशी बसू लागले, तोंडावर घडीचा रुमाल धरून. आई फोनवर सांगायची, "अगं, लोक विचारतात, नानांची तब्येत बरी नाही का? गाणारे त्यांच्याकडे बघतात आणि हे मान खाली घालतात." त्या माणसाने माझ्या बहिणीचं काम घेतलं ते घेतलंच, पण माझ्या बापाच्या तोंडातली दाद काढून घेतली. ती मला परत हवी होती, आणि ज्याने नेली त्याच्याच हातून हवी होती.

म्हणून पुढे आम्ही हार्लेमला घर घेतल्यावर शेजारच्याच दारावर त्याची पाटी दिसली तेव्हा मला देव पावल्यासारखं वाटलं. नवरा म्हणाला, "जाऊ दे गं, म्हातारा आहे, एकटा आहे." मी म्हटलं, "छान. म्हणजे वेळही असेल." पहिल्याच रविवारी मी चकल्या घेऊन गेले. त्याने मला कॉफी दिली, एक बिस्किट दिलं आणि डब्याचं झाकण लावलं, या देशाच्या रीतीप्रमाणे. चकल्या मात्र त्याने मोजल्या नाहीत. मग दर रविवारी दुपारी मी जाऊ लागले. तो खिडकीशी हिरव्या मखमली खुर्चीत बसायचा, मी समोर. एका रविवारी त्याने मला त्याचं संगीत ऐकवायचं, दुसऱ्या रविवारी मी त्याला माझं, असा शिरस्ता पडला. मी मुद्दाम मिरजेच्या घरगुती बैठकींची जुनी ध्वनिमुद्रणं लावायचे. त्यांत गाण्याइतकेच नाना ऐकू येतात.

"हा कोण मध्येमध्ये ओरडतो आहे?" त्याने पहिल्यांदा वैतागून विचारलं.

"श्रोता."

"मग याला बाहेर का काढत नाहीत?"

"याला काढलं तर गाणाराही उठून जाईल, हेर कोनराड."

तो फिस्सकन हसला. पण पुढच्या वेळी त्याने स्वतःहून तेच ध्वनिमुद्रण मागितलं. मी त्याला समजावत गेले. दाद म्हणजे टाळी नव्हे. गाणाऱ्याने पाठवलेलं पोचलं, एवढी ती पावती. आमच्याकडे चांगल्या जागेनंतरची शांतता हा अपमान असतो. तो वाद घालायचा, आईच्या त्या खाचेवर येऊन थांबायचा. एका हिवाळ्यात मात्र एका लांबलेल्या तानेनंतर तो अस्वस्थ होऊन म्हणाला, "आता का गप्प आहे तो तुमचा माणूस?" मी म्हटलं, "जागा अजून पुरी झालेली नाही." तेवढ्यात समेवर नानांचा "आहाहा!" आला आणि कोनराडने समाधानाने मान हलवली... खरं सांगते, त्या क्षणी मला तो आवडला. आणि मला त्याचाही राग आला.

मग मी मासा गळाला लागला आहे असं बघून मृण्मयीचं गाणं लावलं. आमच्या जुन्या डीमनच्या स्वयंपाकघरात रियाज करताना टिपलेलं, मध्ये कुकरची शिट्टीसुद्धा आहे. कोण गातं आहे ते सांगितलं नाही. तळवा तोंडावर ठेवून तो ऐकत होता. एका ठिकाणी ती वरून सावकाश उतरली, थांबली... आणि कोनराडचा हात तोंडावरून गळून मांडीवर पडला. "आख! श्योन!" तो मोठ्याने म्हणाला. म्हणजे, अहा, सुंदर! मी गाणं बंद केलं. किती वर्षं एक वाक्य मी तोंडात घोळवलं होतं. "हेर कोनराड," मी म्हटलं, "ही वाहवा भाड्याची का हो?"

त्याला आधी कळलं नाही. मग मी सगळं सांगितलं. ही कोण, कुठल्या ऑपेरातली दासी, आणि इतके दिवस तो ज्याची वाट बघायला शिकला होता तो ओरडणारा माणूस कोण. तो पार पांढरा पडला. म्हणाला, "मला ती रात्र आठवते. तुमची बहीण त्या जागेवर थांबली तेव्हाही माझा तोंडावरचा हात सुटला होता. आयुष्यात पहिल्यांदा. माझ्या तोंडून आवाज निघणार, इतक्यात तुमचे वडील ओरडले... इतका राग मला कधीच आला नव्हता."

म्हणजे याला कळलं होतं! गाणं पोचलं होतं, आणि तरी या इमानदार माणसाने सकाळी इस्त्रीच्या टेबलाशी उभं राहून त्याबद्दल एक ओळ लिहिली नव्हती. "मग हे लिहा," मी म्हटलं. "अजूनही तुमचं छापतील. एवढंच लिहा, की ती वाहवा भाड्याची नव्हती."

"मी माझ्या मतावर दुरुस्ती छापत नाही. जन्मात छापली नाही."

"हे मत नव्हतं. आरोप होता."

त्याने बिस्किटांच्या डब्याचं झाकण लावलं. मी उठले आणि पुन्हा गेले नाही. रविवारी दुपारी मधल्या भिंतीपलीकडे त्याच्या खुर्चीचं करकरणं ऐकू यायचं, आणि मी दातओठ खात इकडे चकल्या तळायचे, मुद्दाम खिडकी उघडी ठेवून. वास जाऊ दे म्हातारड्याला. तो आजारी आहे हेही मला लोटेकडूनच कळलं. तरी मी गेले नाही आणि त्याचं मला वाईट वाटत नाही.

त्याचा निरोपही लोटेनेच आणला. अंत्यविधीत भाषणं नकोत. शेजारणीच्या बहिणीला गायची विनंती करा. तिच्या वडिलांना पहिल्या रांगेत बसवा, आणि त्यांना बोलू द्या. लोटेचे डोळे भरून आले होते. माझं मात्र डोकं फिरलं. पेपरात छापून लुबाडायचं आणि मरताना भाचीच्या कानात परत करायचं, हा कुठला न्याय? मृण्मयी तर फोनवर किंचाळलीच, "ताई, त्या माणसासाठी मी तोंड उघडणार नाही." मी म्हटलं, "त्याच्यासाठी नकोच उघडू. नानांसाठी उघड. त्याचे सगळे पेपरवाले तिथे आयते बसलेले असतील." मग ती म्हणाली, "तेच गाणं गाणार मी. पियानो नको."

इतक्या थोड्या दिवसांत नानांचा व्हिसा होणं शक्यच नव्हतं. लोटेने पहिल्या रांगेच्या मधोमध ती हिरवी खुर्ची आणून ठेवली आणि तिच्यावर माझा फोन टेकवला, आवाज पूर्ण मोठा करून. पडद्यावर मिरजेच्या आमच्या घराची पुढची खोली, टोपी घातलेले नाना आणि त्यांच्या तोंडावर घडीचा रुमाल. मागे काळ्या कोटातले संपादक, समीक्षक, जुने गायक. शवपेटीशेजारी उभी राहून मृण्मयी गायली. शेवटच्या ओळीला वरून सावकाश उतरली, थांबली. शांतता. पडद्यावर रुमाल हलला नाही. जर्मन गाण्यात झालेली ओळ आपल्या मनाने परत घ्यायची नसते. मृण्मयीने फोनकडे बघितलं आणि ती परत घेतली, बैठकीत घेतात तशी, जरा आणखी सावकाश. मागे चुळबुळ झाली. नाना तसेच. तिने तिसऱ्यांदा तीच ओळ धरली, वरच्या सुरावर अशी टेकून राहिली की आता बाप बोलल्याशिवाय ही खाली येत नाही... आणि थांबली. नेटवर्कमुळे एक क्षण उशीर झाला. मग त्या थंडगार सभागृहात, हिरव्या खुर्चीतून, फाटक्या आवाजात आलं, "वा! अगं वा! जियो बेटा!" मागून आईच्या रडण्याचा आवाज. मी वळून मागे बघितलं. सगळ्या माना पुन्हा आमच्याकडे वळल्या होत्या. या वेळी मी एकेकाच्या डोळ्याला डोळा भिडवला.

त्याने छापली नाही ती दुरुस्ती मी इथे छापते. ती वाहवा भाड्याची नव्हती. तो माणूस आमचा बाप होता, आणि कोनराडला त्या रात्री गाणं कळलं होतं. या लेखाचं जर्मन भाषांतर मी त्याच्या दैनिकाला पाठवणार आहे. छापोत न छापोत.

सामान आवरताना लोटेने विचारलं, तुला काही हवं का? मी खुर्ची मागितली. ती आता आमच्याकडे खिडकीशी आहे. खुर्चीच्या डाव्या हाताची मखमल पार झिजली आहे, आतला ताणा-बाणा दिसतो, इतकं त्याने गाणं ऐकताना तो हात आवळलेला. उजवा हात मात्र कोरा करकरीत आहे, दुकानातून आणल्यासारखा. त्याचा उजवा तळवा कायम तोंडावर असायचा ना... सप्टेंबरात नाना येताहेत. त्यांना मी तिथेच बसवणार आहे आणि मृण्मयीला समोर. जागा आली की नाना उजव्या हाताने थाप मारतात, लहानपणापासून बघते आहे. मारू देत. ती कोरी मखमल मला माझ्या डोळ्यांदेखत झिजलेली बघायची आहे.