हळदकुंकू लावलेल्या तीन हार्ड डिस्क

"शांतारामभाऊ, आधी कीबोर्डवरनं हात काढा," फोन उचलून निम्मं ऐकलं आणि मी एवढंच बोललो.

शांतारामभाऊ पेठला राहायचे. धंदा लग्नांच्या व्हिडिओ शूटिंगचा. एडिटिंगचा कॉम्प्युटर घरातच, टीव्हीशेजारी. दोन हजार पाचचा दसरा आदल्याच दिवशी झालेला. सकाळी कॉम्प्युटर चालू केला तर काळ्या स्क्रीनवर इंग्रजीत प्रश्न आला, ॲरे तुटलाय, रिबिल्ड करू का? वाय की एन?

"वाय दाबू का, सलीमभाई?"

"दाबलंत तर सगळं जाईल. मी येतोय. तोवर चहा घ्या."

मंचरच्या माझ्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानाचं शटर ओढलं आणि मोटरसायकल काढली. पेठ येईपर्यंत स्वतःलाच शिव्या घालत होतो, कारण तो ॲरे मीच बसवलेला, आणि तोही मोठ्या ऐटीत.

ॲरे म्हणजे काय, तर तीन हार्ड डिस्क एका कार्डाला जोडायच्या. कार्ड प्रत्येक फाइलचे तुकडे करून तिन्हींवर वाटतं आणि सोबत थोडा हिशेबाचा ताळा लिहून ठेवतं. एक डिस्क मेली तरी उरलेल्या दोघींवरून तिचा माल परत उभा करता येतो. आदल्या सीझनला भाऊंची एकुलती डिस्क उडाली होती आणि एका नवरदेवाच्या बापानं त्यांना भर स्टँडवर झापलं होतं. कॅमेऱ्यातली कॅसेट तर भाऊ पुन्हा वापरायचे. एक लग्न कॉम्प्युटरात उतरवलं की त्याच कॅसेटवर पुढचं. म्हणून हा सगळा खटाटोप. "आता डिस्क मेली तरी घाबरायचं नाही," असं मी छाती काढून सांगितलं होतं.

घरी पोचलो तर तिन्ही डिस्क धडधाकट. मग बिघडलं काय?

"काय न्हाई वो, पूजा केली फक्त," भाऊ म्हणाले. "कॅमेऱ्याची केली, लाइटची केली. म्हणलं, ज्याच्यात सगळं काम ऱ्हातं त्यालाच हळदकुंकू न्हाई, हे काय बरं दिसत न्हाई."

त्यांनी कॅबिनेट उघडून तिन्ही डिस्क काढल्या होत्या, पाटावर मांडून पुजल्या होत्या आणि हाताला येईल तशा परत बसवल्या होत्या. ते स्वस्तातलं कार्ड डिस्क ओळखायचं ते फक्त जागेवरून. जागा बदलल्या की त्याच्या लेखी सगळा गोंधळ. तीन डिस्क म्हणजे सहा मांडण्या, आणि चुकीच्या मांडणीत वाय दाबलं आणि कार्डानं एकदा लिहायला घेतलं की खेळ खलास. डिस्क एकाच कंपनीच्या, दिसायला तिळ्या बहिणी. मी नंबर टाकले नव्हते.

रागवायला तोंड नव्हतं मला. जुन्नरला आमचे अब्बा शिंपीकाम करायचे. दसऱ्याला त्यांच्या मशीनलासुद्धा झेंडूची माळ असायची. ज्यानं ते लहानपणापासून पाहिलं, त्याला दसऱ्याला डिस्कही पूजेला निघतील हे सुचायला नको?

मग भाऊ हळूच म्हणाले, "सलीमभाई, त्यात तळेघरच्या पोरीचं लगीन हाय. तिचा बाप श्रावणात गेला. त्याचा दुसरा फोटोसुदिक न्हाई घरात. पोरगी दिवाळीला माहेरी येतीय, सीडी देतो म्हणलोय. काय सांगू मी तिला?"

मी तिन्ही डिस्क परत काढून टेबलावर ठेवल्या.

वहिनी चहाचे कप उचलायला आल्या आणि जाता जाता म्हणाल्या, "आवो, पूजेचं शूटिंग केलंय की तुमी."

केलं होतं! हा माणूस म्हशीला रेडकू झालं तरी शूटिंग करायचा. कॅसेट कॅमेऱ्यातच होती. टीव्हीला वायर जोडली. कॅमेरा ट्रायपॉडवर लावून ठेवलेला, त्यामुळे दोघंही दिसत होते. भाऊ वरची डिस्क काढून वहिनींच्या हातात देतात. कुंकू ओलं होतं, ओघळ आला. मधलीला हळदीकुंकवाची नीट बोटं. खालची येईपर्यंत वाटीतली हळद संपली, नुसतं कुंकू. समोर टेबलावर त्याच तीन डिस्क, तीच बोटं अजून अंगावर. वाळलेला ओघळसुद्धा.

ओघळवाली वर, मधली मधे, बिनहळदीची खाली. वायरी तपासल्या, बटण दाबलं. प्रश्न आला नाही. विंडोज उघडली.

तळेघरच्या लग्नाची फाइल लावली. मांडवाच्या कडेला फेटा बांधलेला एक वाळका माणूस कॅमेऱ्याला हातानं बाजूला सारत म्हणत होता, "माजं काय घेतो? पोरीचं घे की."

भाऊंनी डोळे पुसले. मीही पुसले. वहिनींनी परत चहा टाकला.

एडिटिंगमध्ये एरवी असा तुकडा कापतात. भाऊंनी तो ठेवला. दिवाळीत ती पोरगी सीडी घ्यायला आली, इथेच लावा म्हणाली, आणि तेवढाच तुकडा चार वेळा मागे घेऊन पाहिला. बाकीचं लग्न तिनं पाहिलंच नाही.

त्यानंतर मी बसवलेल्या प्रत्येक डिस्कवर मार्करनं नंबर घातला. भाऊंचा तो कॉम्प्युटर भंगारात गेला त्यालाही आता वर्षं झाली. ओघळवाली डिस्क मात्र मी मागून घेतली. ती माझ्या ड्रॉवरमध्ये आहे. तिच्यावर नंबर घालायची गरज कधी पडली नाही.