हुं नवरी नथी

हे मी कुणालाच बोलले न्हाई — आईला न्हाई, नवऱ्याला तर मुळीच न्हाई. आज तुमाला सांगते. सांगताना हसू येतंय!

लग्नानंतर दोन वर्षं आमी सुरतेला होतो. नवरा लूमच्या कारखान्यात, अन् मी शेजारणींकडून गुजराती शिकले. केजला, सासरी परतल्यावर काय तोरा माझा! नणंदेच्या, रेखाच्या लग्नाला पंधरा दिवस राहिले होते. दुपारी शेवया वाळत घातल्या अन् आमी दोघी मोबाइलवर गुजराती पिच्चर लावून बसलो — लग्नाआधीचे गोंधळ, नुसती धमाल! मी अर्थ सांगायची, रेखा पोट धरून हसायची.

त्यात नवरदेव सारखा फोन करतो, भेटायला ये म्हणतो. हिरॉइन वैतागून ओरडते, "हुं नवरी नथी!"

रेखा ताडकन उठली. "वहिनी, मी नवरी न्हाई म्हणली का ती? तोंडावर? असं म्हणता येतं?" सकाळीच तिचं नवरदेवाशी फोनवर वाजलं होतं — शालूच्या रंगावरून! संध्याकाळपर्यंत निवळलं असतं.

आता ऐका. गुजरातीत नवरी म्हणजे रिकामी. मला सवड न्हाई, एवढंच म्हणली होती ती बया! मला ठाऊक नव्हतं का? चांगलं ठाऊक होतं. तरी म्हणलं, "होय, तेच म्हणली. अन् बरं केलं तिनं."

कावून? रेखाचा नवरदेव — शाळेत मास्तर, शांत, देखणा — पहिल्या दिवसापासून मला माझ्या धाकट्या बहिणीसाठी हवा होता. झालं, सांगून टाकलं!

रेखानं त्याच दिवशी सगळ्यांसमोर लग्न मोडलं. घरात नुसता कालवा! सासरे विचारत राहिले, हिच्या डोक्यात हे भरवलं कुणी? मी भाकरी थापत होते — थापतच राहिले. चार दिवसांनी रेखा माझ्या गळ्यात पडून रडली. माझं चुकलं वहिनी, परत बोलणं लावता का? मी म्हणलं, ते लोक आता ऐकायचे न्हाईत. विचारलं होतं का मी त्यांना? न्हाई. माहेरी तलवाड्याला फोन मात्र केला होता — पोराकडं आपल्या पोरीचं बोलणं लावा म्हणून.

ठरल्या तारखेलाच त्या मास्तराशी माझ्या बहिणीचं लग्न लागलं. सासरच्यांना वाटलं, मी दोन्ही घरांची लाज राखली.

आदल्या दिवशी बहिणीच्या हातावर मेंदी रेखानं काढली. तिचा हात लई चांगला हाय. मेंदीत नवऱ्याचं नाव लपवून लिहितात ना — तेही तिनंच लिहिलं. मी शेजारी बसून बघत होते.