हाकेइतकं लांब

"हाक फुटात मोजतात की मीटरमध्ये?"

वकिलानं विचारलं आणि कोर्ट हसलं. बाकांवरचे हसले. पट्टेवाला तोंडावर हात ठेवून हसला. तिघं आरोपी हसले. माझ्या बापाला मारणारे तिघं.

धुळ्याचं जिल्हा कोर्ट. खुनाचा खटला. डोळ्यांनी बघणारी मी एकटी. किती लांबून पाहिलंस, असं आरोपींच्या वकिलानं विचारलं होतं. मी म्हटलं, "हाक ऐकू येस इतलं लांब." आमच्या भिलाटीत, भिल्लांच्या वस्तीत, असंच सांगतात.

"ए बाई, माणसांच्या भाषेत बोल," वकील म्हणाला.

जज्जसाहेब बाहेरगावचे. त्यांना अहिराणी कळत नव्हती. वकील मात्र इथलाच. त्याची आजी घरात अहिराणीच बोलत असणार. तरी तो साहेबांकडे वळून म्हणाला, "सर, साक्षीदाराला अंतर सांगता येत नाही." साहेबांनी तेच वाक्य टाइप करायला सांगितलं. सरकारी वकील आमच्या बाजूचा. तो घड्याळ बघत होता.

मला उतरायला सांगितलं, मी उतरले.

आमचं गाव दोंडाईच्याच्या पुढं. गावाबाहेर भिलाटी. त्या उन्हाळ्यात आमचा हातपंप आटला. बा कॅन घेऊन आबांच्या मळ्यात गेला. आबा म्हणजे गावचे मोठे बागायतदार. बानं जन्मभर त्यांचीच मिरची तोडली, त्यांचाच कापूस वेचला. मळ्यात आबांचा मुलगा होता आणि त्याचे दोन दोस्त. कॅन भरली याचं त्यांना काही नव्हतं. बा तहानलेला. मोटारीच्या धारेला तोंड लावून तो पाणी प्यायला. त्याचा राग.

मी बांधावर काटक्या गोळा करत होते. बाची हाक आली. माझं नाव घेऊन. बघते तर लोखंडी पाइप वर जातोय, खाली येतोय. मी धावले. तिघांचे चेहरे मला दिसत होते. लहानपणापासून बघितलेले चेहरे. मी पोचले तोवर ते मोटारसायकलवर बसून निघून गेले. धार तशीच पडत होती. बा चिखलात.

धुळ्याच्या सरकारी दवाखान्यात बा एकदाच बोलला. "तुले ऐकू ऊनं नही का वं?"

मी म्हटलं, ऐकू आलं बा, मी पळत आले. पण त्याचे डोळे मिटले होते. माझं बोलणं त्याच्यापर्यंत पोचलं की नाही, मला माहीत नाही. कधीच कळणार नाही.

तिघं सुटले. संशयाचा फायदा, असं म्हणतात त्याला. अंतर सांगता येत नाही, म्हणजे हिनं काय पाहिलं असणार? गावात डीजे लावून मिरवणूक निघाली. भिलाटीच्या तोंडाशी येऊन थांबली. गुलाल आमच्या दारापर्यंत उडाला. माझ्या आईनं दार लावून घेतलं आणि चुलीपुढं बसून राहिली. चूल पेटवलीच नाही.

सरकारी वकिलाकडे गेले. तो म्हणाला, "सरकार अपील करणार नाही. विषय संपला, बाई."

मी विषय होते. संपले होते.

तेव्हापासून लांबून कुणी माझं नाव घेतलं की माझे पाय पळायला लागतात. बाजारात, स्टँडवर, कुठंही. वळून बघते तर कुणी दुसरंच, दुसऱ्याच कुणाला हाक मारत असतं. माझ्या लेकरांना मी लांबून हाक मारू देत नाही. जवळ या आणि बोला, म्हणते. शेतात मोटार चालू झाली की हातातलं काम सुटतं. बा अजून विचारतोय, ऐकू आलं नाही का?

धुळ्यातच एक वकीलताई भेटल्या. भिलाटीतल्या एका बाईचा फारकतीचा खटला त्या चालवत होत्या. मी तिच्या सोबतीला गेले होते. सगळं ऐकून घेऊन त्या म्हणाल्या, "सरकार नाही गेलं तर तुम्ही जा. मेलेल्याच्या वारसाला अपील करता येतं. कायद्यातच आहे."

"सरकारनी ते सांगं विषय सरना."

"त्यांचा सरला. तुमचा नाही."

इतकी वर्षं हे मला कुणी सांगितलं नव्हतं. मलाही हक्क होता आणि मी दार लावून घरात बसले होते. त्या दिवशी मी रडले नाही. मला राग आला. पहिल्यांदा स्वच्छ राग आला.

अपील औरंगाबादच्या खंडपीठात गेलं. उशीर माफ झाला. तिथं साक्षीदाराला कुणी बोलवत नाही. खाली जे लिहिलं गेलं, तेच वर वाचतात. अंतर सांगता येत नाही, हे माझ्या नावावर लिहिलेलं वाक्य मी बोललेच नव्हते, आणि आता तेच माझ्या वतीनं बोलणार होतं. सगळं इंग्रजीत चाललं. बाचं नाव तेवढं कळायचं. तारखा पडत गेल्या. त्यातच आई गेली.

शेवटी खंडपीठानं सांगितलं, या बाईची साक्ष नीट नोंदलेली नाही. खालच्या कोर्टात पुन्हा घ्या आणि वर पाठवा.

पुन्हा धुळं. पुन्हा तोच वकील, केस पिकलेला. जज्ज नवीन, बाई होत्या.

"मराठीत सांगा," वकील म्हणाला.

मी म्हटलं, "मी मन्ही बोलीमा सांगसू. तुम्हले समजत नही ते समजाडणारा बलावा."

कुणी हसलं नाही. जज्जबाईंनी खरंच दुभाषा बोलावला. मग मला विचारलं, "इथून दाखवता येईल का, किती लांब?" मी खिडकीतून बाहेर बोट केलं. गेटाजवळचं निंब. पहिल्या वेळी असं दाखवायला कुणीच सांगितलं नव्हतं.

बाहेर आले तर आबा भेटले. म्हातारे झालेत. काठी टेकत जवळ आले आणि हळू बोलले, "पोरी, वरना निकाल कसाबी लागो, पुढे दिल्ली शे. आम्ही दिल्लीलोंग जासूत. तू कोठलोंग पुरशी?"

भिलाटीतलं कुणी त्यांच्यापुढं मान वर करत नाही. बानं कधी केली नाही. मी केली.

"तुम्ही जाशात तठलोंग."

निकाल अजून यायचाय. आमच्या बाजूनं लागला तर ते दिल्लीला, सुप्रीम कोर्टात जातील. त्यांच्या बाजूनं लागला तर मी जाईन. दिल्लीतही मला कुणी काही विचारणार नाही, हे मला माहीत आहे. नाही विचारलं तर नाही. पण ते तिघं सुटायला ज्या ज्या कोर्टाची पायरी चढतील, तिथं मी असेन. समोरच्या बाकावर. त्यांना दिसेन अशी.